निरोपघराचा पाया

आमच्या गावातली नदी एका जागी पडून राहत नाही. झोपेत कूस बदलावी तशी ती पिढीतून एकदा बाजू बदलते आणि वाटेत येईल ते सोबत घेऊन जाते. तिच्यावर रागावून उपयोग नसतो. नदीखात्याची माणसं काठावर खुंट्या ठोकून बसलेली असतात. पाणी कुठल्या खुंटीला लागलं ते बघायचं आणि ज्याच्याकडे रोख दिसेल त्याला जाऊन सांगायचं, एवढंच त्यांचं काम. या खेपेला त्यांचा साहेब आमच्या दारात आला तेव्हा मला वाटलं, आपलं घर जाणार. खरं सांगते, मला काही वाईट वाटलं नाही. मी त्याला चहा विचारला.

"घर नाही हो, बाई," तो म्हणाला. "निरोपघर."

माझे हे तेव्हा मोठ्या खोलीत ओणवे होऊन फरशीवर खडूनं एक जिना काढत होते. मान वर न करता म्हणाले, "बरं."

हे म्हणजे माझा नवरा. गाव त्यांना वास्तुकार म्हणतं. गावात नाव घेण्यासारखं जे जे उभं आहे ते यांनी आधी डोळे मिटून पाहिलं, मग खडूनं काढलं आणि मग बांधून घेतलं. निरोपघर त्यातलंच, आणि सगळ्यांत गाजलेलं.

बाहेरच्या माणसाला आमच्याकडचं बांधकाम समजावून सांगावं लागतं. आमचा चुना पांढऱ्या डोंगरातून येतो आणि तो जिवंत असतो. नुसता कालवून वापरला तर भिंत वर्षभर उभी राहते आणि मग दमलेल्या बैलासारखी मटकन खाली बसते. चुन्यानं धरावं असं वाटत असेल तर इमारतीच्या पायातल्या ओल्या चुन्यात कुणीतरी हात रोवून मनातली एक गोष्ट तिथं सोडावी लागते. आनंद, भीती, हेवा, काहीही चालतं. सोडली की ती त्या माणसाची राहत नाही. काय घडलं ते त्याला सगळं आठवतं, पण त्याचं काही वाटत नाही. ते वाटणं इमारतीचं होतं आणि आत पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाला थोडं थोडं मिळतं. साध्या घरांना साधं पुरतं. आमच्या घराच्या पायात कुण्या गवंड्याचा कंटाळा आहे, त्यामुळे आलेला पाहुणा बसल्या बसल्या जांभया देतो आणि लवकर उठतो. मला ते सोयीचं वाटत आलंय. टपालकचेरीच्या पायात मुकादमाची दाढदुखीतली चिडचिड आहे. तिथं आजवर कुणी कुणाशी सरळ बोललेलं नाही.

यांचं काम निराळं होतं. इमारतीला काय हवं ते हे स्वतःत शोधायचे आणि त्यातलं चांगलं ते द्यायचे. न्यायालयाला यांनी लाज दिली. लहानपणी यांनी शेजाऱ्याची काच फोडली, नाव भावाचं सांगितलं आणि भावाला मार बसताना दाराआडून पाहिलं, ती लाज. त्या इमारतीचं छत असं उतरत जातं की आत शिरताना मान आपोआप खाली होते. खोटी साक्ष द्यायला आलेला माणूस तोंड उघडतो आणि कानापर्यंत लाल होतो. वकिलांनी यांच्या नावानं खूप बोटं मोडली. पण लाज गेली ती कायमची गेली. आमच्या लग्नात हे नुसत्या बनियनवर येऊन उभे राहिले, उकडत होतं म्हणून. पुलाला यांनी उतारावरून धावत सुटतानाचा हर्ष दिला, आणि आता त्या पुलावरून म्हातारीकोतारी माणसंसुद्धा हसत, लगबगीनं जातात. वाचनालयाला आजोळच्या दुपारची शांतता दिली. एकेक करत माणूस रिकामा होत गेला आणि गाव भरत गेलं. परगावचे लोक इमारती बघायला येतात आणि डोळे पुसत बाहेर पडतात. दिव्याखाली अंधार म्हणतात तो मी घरात बसून पाहिला.

लग्न नवं होतं तेव्हा मी एकदा विचारलं होतं, "आणि माझ्यावरचं प्रेम कुठं घालणार? एखाद्या गोदामात?"

यांनी गंभीरपणे विचार केला. म्हणाले, "ते अजून काढलेलं नाही. ठेवून दिलंय."

मी हसले होते. त्या उत्तरावर मी बरीच वर्षं काढली.

आम्हाला एक मुलगी होती. हे इमारतींचे नकाशे कागदावर काढत नसत. मोठ्या खोलीच्या फरशीवर, तुकड्यातुकड्यानं का होईना, पण खऱ्या मापात काढायचे. मुलगी रांगायला लागली ती त्या रेघांवरूनच. तिचे गुडघे, तळवे, कधीकधी जीभसुद्धा पांढरी असायची, म्हणून हे तिला खडू म्हणायचे. वाचनालयाचं दार मधोमध नाही, एका अंगाला सरकलेलं आहे. वाटाडे लोकांना सांगतात की उजेडाचा फार खोल विचार करून वास्तुकारांनी ते तिथं नेलं. कसला डोंबलाचा विचार! त्या रेघेवर ती फतकल मारून बसली, रेघ पुसली गेली आणि ती काही केल्या उठेना. हे म्हणाले, "राहू दे, दार इथं हवं असं तिचं म्हणणं आहे." आणि तसंच बांधलं.

मग तिला ताप आला आणि ती गेली. दुधाचे दात पडायला लागले होते तिचे. त्यात आणखी सांगण्यासारखं काही नाही.

गावाला आधीपासून निरोपघर हवं होतं. माणूस गेला की शेवटचं नेण्याआधी त्याला जिथं ठेवायचं आणि घरच्यांनी जवळ बसायचं, अशी जागा. यांनी ते काम नाकारलं होतं. "तेवढं दुःख माझ्याकडे नाही," म्हणाले होते. मुलगी गेल्यावर गावातलं कुणी विषय काढला नाही, तेवढी माणुसकी लोकांत होती. हेच एका सकाळी उठले, मुकादमाकडे गेले आणि म्हणाले, "चुना कालवा."

मी मागोमाग गेले. मला संताप आला होता. घरात एवढं एकच दुःख, तेही हे गावाला वाटायला निघाले. आमच्याकडे रिवाज असा की कुणी चुन्यात हात घातला की बाकीच्यांनी पाठ फिरवायची. माणूस मनातलं काढून ठेवत असताना त्याच्याकडे बघू नये म्हणतात. मुकादमानं पाठ फिरवली, गवंड्यांनी फिरवली. मी बायको, मी कशाला फिरवू? यांनी डोळे मिटले, हात चुन्यावर नेला आणि तो हात थरथरायला लागला. एवढ्या इमारती झाल्या, तो हात कधी हलला नव्हता. माझा संताप गेला नव्हता, पण तो हात मला बघवेना. मी पुढं झाले, वरून यांचा पंजा आडवा घट्ट धरला आणि खाली दाबला. थरथर थांबेपर्यंत धरून ठेवला.

घरी येताना हे शीळ घालत होते. मला भूक लागली होती. मी दोघांचा स्वयंपाक केला आणि आम्ही पोटभर जेवलो.

त्यानंतर माझ्या डोळ्यांतून टिपूस आलं नाही. यांचं मी समजू शकत होते, यांनी काढून दिलं होतं. माझं काय? माझी नणंद धाय मोकलून रडली, बरेच दिवस आमच्याकडे राहिली आणि जाताना म्हणाली, "वहिनी, दगडालासुद्धा पाझर फुटतो म्हणतात. तुम्ही कुठल्या खाणीतल्या?"

"डबा भरलाय," मी म्हणाले. "वाटेत खा."

तिचं काही चुकलं नव्हतं. मी स्वतःला पुष्कळदा चाचपून पाहिलं. मुलीचा फ्रॉक कपाटातून काढून नाकाशी धरला, तर कापडाचा वास आला. ती कशी हसायची ते आठवलं, अगदी पुढच्या पडलेल्या दातासकट, पण शेजारणीची मुलगी आठवावी तसं. तिला नावानं हाक मारल्याचं आठवायचं, पण ते नाव तोंडात यायचं नाही. मी 'मुलगी' म्हणायला लागले. काही बायकांना आई होता येत नाही आणि आपण त्यांतल्या, असं मी ठरवून टाकलं. राग तेवढा शाबूत होता. सकाळी उठून यांच्यावर चिडायचं आणि मग दिवस आपोआप पुढं जायचा.

निरोपघरात मी कधी पाऊल टाकलं नाही. कसं आहे ते ऐकून माहीत होतं. भिंतींना खिडक्या नाहीत, उजेड खालून, फरशीलगतच्या फटीतून येतो. कारण रडणारा माणूस वाकतो, त्याला उजेड तिथं लागतो, असं यांचं म्हणणं. बाकं दोघांपुरतीच आहेत. आत गेलं की मनात अडकलेलं सुटतं आणि माणूस रडून मोकळा होऊन घरी जातो. ज्यांचं रडू आटलेलं आहे असे लोक लांबून लांबून येतात. सासूबाई गेल्या तेव्हासुद्धा मी बाहेर थांबले, सगळ्यांच्या छत्र्या सांभाळते म्हणून. भीती एकच होती. आत जाईन, तिथंही काही वाटणार नाही, आणि ते सगळं गाव बघेल.

तर साहेब चहा पिता पिता जांभई देत म्हणाला, "पाणी पोचायच्या आत पाया उघडावा लागेल. रीत तुम्हाला ठाऊकच आहे, वास्तुकार. ज्यानं दिलं त्याला परत घेता येतं. देताना चुन्यात हाताचा जो खळगा उमटला, त्याच खळग्यात हात ठेवायचा, झालं. नाही घेतलं तर नदीत जातं. खालच्या गावांतली माणसं थोडे दिवस पाणी भरताना रडतात, मग विरून जातं."

"जाऊ द्या नदीत," हे म्हणाले.

"जाऊ द्या काय?" मी म्हणाले.

साहेबाला घरातलं वारं कळलं असावं. तो उरलेला चहा घोटात संपवून गेला. मी फरशीवरच्या जिन्याच्या पहिल्या पायरीवर पाय ठेवून उभी राहिले. रेघेवर उभं राहिलं की हे ऐकतात.

"आता या वयात घेऊन मी काय करू?" हे म्हणाले. "अगं, मला काही त्रास नाही. बरं चाललंय."

"तेच म्हणतेय मी. बरं चाललंय. मुलगी गेली आणि आपलं बरं चाललंय. या घरात तिच्यासाठी एकदा तरी कुणीतरी रडायला हवं. एकदाच. मग खुशाल परत कुठं घाला, हौद बांधा एखादा."

"मग तू रड ना."

"मला येत असतं तर तुमच्या विनवण्या केल्या असत्या का?"

यांनी खडू खाली ठेवला. भिंतीला तडा गेलेला दिसला की हे असे बघतात, लक्षपूर्वक, पण काळजी न करता. "तुला येत नाही?"

"नाही."

"कधीपासून?"

"तेव्हापासून."

"मला वाटायचं, मला दिसू नये म्हणून तू आत जाऊन रडतेस."

"मी आत जाऊन भांडी घासत होते."

यांनी बोटांवरचा खडू झटकला. मग म्हणाले, "बरं. तुला हवं असेल तर जाऊ."

तुला हवं असेल तर, म्हणाले. मला ती ठेवून दिलेली जुनी ठेव आठवली. ती अजून आहे का, असं विचारावंसं वाटलं. पण ती मध्येच कुठल्याशा धान्यबाजाराच्या पायात गेली असं कळलं असतं तर काय करायचं होतं? मी यांचे जोडे बाहेर काढून दाराशी ठेवले.

आम्ही पोचलो तेव्हा छत उतरवलेलं होतं आणि भिंती गुडघ्याएवढ्या राहिल्या होत्या. इमारत उतरवायला घेतली की तिच्यातलं वाटणं खाली खाली जाऊन पायात गोळा होतं, त्यामुळे कुणी रडत नव्हतं. गवंडी विटा रचत होते. शेजारच्या झाडांच्या पलीकडे नदी दिसत होती, गढूळ आणि निवांत. मुकादमानं आम्हाला बघून हात वर केला. तो आता इतका वाकलाय की पाया बघायला त्याला वेगळं वाकावं लागत नाही, असं तोच सांगतो. हे आणि तो तरुणपणापासूनचे सोबती. पायाचा दगड त्यानं दुसऱ्या कुणाला हलवू दिला नाही. स्वतः पहार लावली.

दगड बाजूला झाला. खाली चुना घट्ट धरलेला होता आणि त्यात यांचा पंजा उमटलेला होता, पाचही बोटं फाकलेला. मुकादम हसऱ्या तोंडानं खाली बघत होता, ते तोंड हळूहळू उतरलं.

"हे काय आहे?" तो म्हणाला.

यांच्या पंजाच्या एका अंगाला ओळीनं चार बारीक खळगे होते आणि दुसऱ्या अंगाला एक.

"उंदीर असेल," हे म्हणाले.

"उंदराला अंगठा असतो का, वास्तुकार?"

माझी करंगळी लहानपणी दारात सापडली होती. ती तेव्हापासून बाहेरच्या बाजूला वाकलेली आहे. चौथा खळगा बाहेरच्या बाजूला वाकलेला होता.

"हात माझा आहे," मी म्हणाले.

मुकादम माझ्याकडे बघतच राहिला. "वहिनी, तुम्ही हात लावलात? देत्या हाताला?"

"यांचा थरथरत होता."

"अहो, असं कुणी लावत नाही! आमच्यात पहिलं तेच शिकवतात."

"मला कुणी शिकवलं? तुम्ही सगळे पाठ फिरवून उभे."

"हे कुणाचं आणि ते कुणाचं, असं चुना विचारत नाही हो, वहिनी," मुकादम म्हणाला. त्याचा आवाज बारीक झाला होता. "जो हात लागला त्याचं घेतो."

मला चटकन काही वाटलं नाही. वाटणार कसं, ते खाली होतं. मी नुसती उभी राहून एकेक गोष्ट जुळवत गेले. मी दगड नव्हते. मला आई होता येत होतं, मी झालेही होते, आणि ते सगळं इथं गाडून घरी जाऊन जेवले होते. यांचं दुःख बघायला म्हणून लोक लांबून आले आणि त्यात माझंही रडून गेले. सासूबाईंच्या वेळी नणंद आत जाऊन माझं रडू रडून आली, आणि मी बाहेर तिची छत्री धरून उभी होते. आणि यांच्यावर मी जो वर्षानुवर्षं राग धरला, की घरचं दुःख गावाला वाटलं, त्यातलं निम्मं मी माझ्या हातानं दाबून घातलं होतं.

"राहू द्या हवं तर," मुकादम हलकेच म्हणाला. "दोघांचं आहे, मोठं आहे. इतकी माणसं रडली तरी संपलेलं नाही. या वयात झेपेल न झेपेल. नदीला घेऊन जाऊ दे."

खरं सांगते, मी घाबरले. इतकी वर्षं मी ज्याच्यासाठी भांडत होते ते हातभर अंतरावर होतं आणि मला पळून जावंसं वाटलं. बरंच चाललं होतं आमचं. सकाळी चहा, दुपारी फरशी पुसणं, संध्याकाळी यांच्यावर चिडणं. त्यात कुणी मेलेलं नव्हतं.

हेच आधी खाली बसले. यांचे गुडघे वाजले. यांनी हात खळग्यात ठेवला, बोटं नीट बसवली आणि म्हणाले, "अजून बसतो."

"तुम्हाला नको होतं ना?" मी विचारलं.

"मला काहीच नको असतं," हे म्हणाले. "पण तू इतकी वर्षं भांडी घासत होतीस, ते बरोबर नाही."

मुकादमानं पाठ फिरवली. त्याच्यामागून एकेका गवंड्यानं फिरवली. मी खाली वाकले. माझी बोटं आता सांध्यात सुजलेली आहेत, खळग्यांत जाईनात. मी दाबली. करंगळी सगळ्यांत शेवटी बसली, वाकडी, तिच्या जागी. हाताखाली यांचा हात गार होता. मग तो थरथरायला लागला. मी तो घट्ट धरला, पण या वेळी तो थांबेना. माझाही थरथरत होता.

पहिल्यांदा मांडीवरचं वजन आलं. फक्त वजन, झोपलेल्या मुलीचं, एका बाजूला कललेलं. मग केसांचा वास, तापातला. मग ओलं फडकं, ती पाणी मागत होती ते, आणि मागायची थांबली ते.

यांनी डोळे उघडले. माझ्याकडे असं बघितलं की जणू कुणी आत्ता, या घटकेला दारात येऊन यांना सांगितलं होतं.

"अगं," हे म्हणाले, "आपली खडू गेली."

"हो," मी म्हणाले. "हो हो, आपली खडू गेली," आणि मला रडू आलं.